ट्रॉम्सो : अंधाराच्या शहरातील सावध पावले

कोणतेही शहर दाखवणारा गाइड सहसा त्या शहराच्या स्थापनेपासून बोलू लागतो. नॉर्वेतील ट्रॉम्सो शहरात, जानेवारीच्या मध्यावरील एका सकाळी, आमच्या गाइड बाईंनी पहिली दहा मिनिटे केवळ जोड्यांवर खर्च केली. हॉटेलच्या दालनात आम्हा सोळा जणांना त्यांनी खुर्च्यांवर बसवले आणि प्रत्येकाच्या हाती रबरी पट्ट्यांची एक जोडी दिली. पट्ट्यांच्या तळाला बारीक पोलादी खिळे होते. जोड्यावर पट्टा कसा चढवायचा, टाचेकडून कसा ओढायचा, दुकानात किंवा संग्रहालयात शिरताना तो काढून हातात का घ्यायचा, हे त्यांनी स्वतः बसून करून दाखवले. मग त्या म्हणाल्या, "आज तुम्ही काय पाहाल हे माझ्या हातात नाही. ते या खिळ्यांच्या हातात आहे."

त्या स्वतः साठी ओलांडलेल्या होत्या. त्यांच्या जोड्यांवर तसेच पट्टे होते आणि हातात टोकाला खिळा असलेली काठी होती.

माझ्या शेजारी चौऱ्याहत्तर वर्षांची आई बसली होती. तिने त्या काठीकडे पाहिले, मग माझ्याकडे पाहिले आणि नजर वळवली. त्या नजरेचा अर्थ तुम्हांला कळावा म्हणून थोडे मागे जाणे आवश्यक आहे. वर्षभरापूर्वी न्हाणीघरात पाय घसरून आईच्या उजव्या मनगटाचे हाड मोडले होते. हाड सहा आठवड्यांत जुळले. मन मात्र जुळले नाही. संध्याकाळचे बागेत जाणे थांबले, देवळाच्या पायऱ्या थांबल्या, भिशीच्या मैत्रिणींना "तुम्हीच या ना घरी" असे निरोप जाऊ लागले. डॉक्टरांनी काठी सुचवली तेव्हा तिने ती दाराआड उभी करून ठेवली. "काठी घेतली की माणूस म्हातारं दिसतं," हे तिचे उत्तर. अशा आईला घेऊन मी बर्फावर चालायला निघाले, हे ऐकून नातेवाइकांनी मला वेड्यात काढले, आणि त्यांचे अगदीच चुकत होते असे आजही मी म्हणणार नाही. उत्तरप्रकाश पाहण्याची इच्छा तिची होती. भीती आम्हां दोघींची होती.

घरातील वडीलधाऱ्यांना घेऊन तुम्ही अशा प्रवासाचा विचार करत असाल, किंवा तुम्ही स्वतःच ते वडीलधारे असाल, तर त्या चार-पाच दिवसांत आम्ही काय पाहिले आणि काय शिकलो, ते तुमच्या उपयोगी पडावे.

निसरड्या शहराचे गणित

ट्रॉम्सो सुमारे सत्तर अंश उत्तर अक्षांशावर वसले आहे. आपली मुंबई एकोणीस अंशांवर आहे, यावरून अंतराची कल्पना यावी. उत्तर ध्रुववृत्त ओलांडून आणखी सुमारे साडेतीनशे किलोमीटर उत्तरेला गेल्यावर हे शहर लागते. त्याचा मध्यभाग एका बेटावर आहे आणि चहूकडे समुद्राचे अरुंद फाटे व बर्फाच्छादित डोंगर आहेत. लोकवस्ती पाऊण लाखाच्या आसपास आहे.

इतक्या उत्तरेला थंडी जीवघेणीच असणार, असा आपला समज असतो. प्रत्यक्षात अटलांटिक महासागरातून वाहत येणाऱ्या उबदार प्रवाहामुळे येथील बंदर हिवाळ्यातही गोठत नाही आणि जानेवारीतील सरासरी तापमान शून्याखाली तीन-चार अंश एवढेच असते. वारा सुटला की ते त्याहून बोचरे वाटते, हे खरे. पण खरी अडचण निराळीच आहे. तापमान शून्याच्या इतक्या जवळ घुटमळत असल्याने बर्फ दिवसा थोडा वितळतो आणि पुन्हा गोठतो. भुसभुशीत हिमाऐवजी पायाखाली काचेसारखा गुळगुळीत थर तयार होतो. फार कडक थंडीच्या गावापेक्षा अशा सौम्य थंडीच्या गावात पाय घसरण्याची शक्यता म्हणूनच जास्त असते.

त्यावर बसायचे कसे, उठायचे कसे, चालायचे कसे, हे येथील लोक लहानपणापासून शिकतात. गाइड बाईंनी आम्हांला पेंग्विनची चाल शिकवली. पावले छोटी टाकायची. पाऊल पुढे लोटायचे नाही, सपाट ठेवायचे. शरीराचा भार पुढच्या पायावर राहील इतके किंचित पुढे झुकायचे. हात कोटाच्या खिशात घालायचे नाहीत, कारण तोल सावरायला हात मोकळे लागतात. बोलायचे असेल तर थांबून बोलायचे. हॉटेलच्या दारापासून बसपर्यंतच्या तीस पावलांत आम्ही सोळा प्रौढ माणसे डुलत डुलत चाललो आणि सगळ्यांनाच हसू आले. आईही हसली, बाहेरच्या रस्त्यावर चालताना ती बऱ्याच महिन्यांनी हसत होती.

ही चाल नॉर्वेपुरती नाही. पावसाळ्यात शेवाळलेल्या अंगणात, नुकत्याच पुसलेल्या फरशीवर, ओल्या न्हाणीघरात तुम्ही तीच चाल चालू शकता.

मध्यान्हीची पहाट

नोव्हेंबरच्या अखेरीपासून जानेवारीच्या मध्यापर्यंत ट्रॉम्सोत सूर्य क्षितिजावर येतच नाही. दक्षिणेकडील डोंगरांमुळे शहरवासीयांना तो प्रत्यक्ष दिसतो तो २१ जानेवारीच्या सुमारास. त्या दिवसाला तेथे 'सूर्यदिन' म्हणतात, आणि मुरंबा भरलेले, तळलेले गोल गोड पाव खाऊन तो साजरा होतो.

याचा अर्थ दोन महिने काळोख, असा मात्र नव्हे. डिसेंबरमधील सर्वांत लहान दिवशीही भर दुपारी सूर्य क्षितिजाखाली तीनच अंश असतो. आपल्याकडे सूर्य मावळल्यावर दहा-बारा मिनिटांनी जसा उजेड असतो, तसा तो उजेड. आम्ही गेलो तेव्हा सकाळी नऊच्या सुमारास आकाश निळसर होऊ लागे, बाराच्या सुमारास दक्षिणेच्या डोंगरांमागे गुलाबी-केशरी पट्टा उमटे आणि पावणेतीननंतर पुन्हा दिवे हाच आधार उरे. पहाट आणि संध्याकाळ यांच्यामध्ये दिवस नसलेले ते आकाश पाहून आमच्यातील सोलापूरच्या निवृत्त शिक्षकांना लोकमान्य टिळकांची आठवण झाली. वेदांतील दीर्घ उषेची वर्णने ध्रुवप्रदेशातील असावीत, असे मत लोकमान्यांनी १९०३ साली प्रसिद्ध झालेल्या 'द आर्क्टिक होम इन द वेदाज' या ग्रंथात मांडले होते. विद्वानांनी ते मत मान्य केले नाही. पण पुण्यात बसून केवळ ग्रंथांच्या आधारे या लांबलेल्या पहाटेची कल्पना करणाऱ्या त्या बुद्धीचे कौतुक, ती पहाट डोळ्यांनी पाहताना अधिकच वाटले.

प्रकाश कमी असण्याचा परिणाम शरीरावर होतो, आणि वयस्करांवर तो अधिक होतो. झोपेची वेळ ठरवणारे शरीरातील घड्याळ सकाळच्या उजेडावर चालते. तो नसला की दिवसभर पेंग येते आणि रात्री डोळा लागत नाही. त्यात भारतीय वेळ तेथील हिवाळी वेळेपेक्षा साडेचार तास पुढे. आम्ही एक साधा नियम पाळला : नऊ वाजता खिडकीचा पडदा उघडायचा, बाराच्या उजेडात काही झाले तरी बाहेर असायचे, आणि दुपारची झोप अर्ध्या तासावर जाऊ द्यायची नाही. तिसऱ्या दिवशी आईची झोप जागेवर आली.

तेथील लोक यावर काय करतात, हे पाहण्याजोगे आहे. प्रत्येक खिडकीत दिवा असतो, टेबलावर मेणबत्ती असते. बेटाच्या मध्यातून जाणारी स्कीइंगची वाट दिव्यांनी उजळलेली असते आणि लोक अंधारातही रोज बाहेर पडतात. कारी लिबोविट्झ या अमेरिकी मानसशास्त्रज्ञ बाईंनी याच शहरात राहून हिवाळ्याकडे पाहण्याच्या दृष्टीचा अभ्यास केला. हिवाळा सोसायचा नसून त्यात करण्यासारखे बरेच काही आहे असे मानणाऱ्यांचे जीवनातील समाधान अधिक असते, असे त्यांना दिसले.

त्वचेत ड जीवनसत्त्व तयार होण्याजोगे ऊन या महिन्यांत नसते, म्हणून कॉड माशाच्या यकृताचे तेल चमचाभर घेण्याची चाल नॉर्वेत पिढ्यान्‌पिढ्या आहे. हे ऐकून आपण त्यांची कीव करू लागतो. वास्तविक भरपूर ऊन असलेल्या आपल्या देशातही ड जीवनसत्त्वाची कमतरता सर्रास आढळते, कारण ऊन अंगणात असते आणि आपण घरात. वर्षभर घराबाहेर न पडलेल्या माझ्या आईच्या रक्त तपासणीत नेमके तेच निघाले होते.

बंदर, लाकडी घरे आणि एक घसरखुर्ची

शहराची पायी फेरी बंदरापासून सुरू झाली. तेथे रोआल्ड आमुंडसेन यांचा पुतळा आहे. १४ डिसेंबर १९११ रोजी दक्षिण ध्रुवावर प्रथम पोहोचलेला हा दर्यावर्दी १८ जून १९२८ रोजी याच ट्रॉम्सोहून विमानाने निघाला. इटलीचे उम्बेर्तो नोबिले यांचे हवाई जहाज बर्फात कोसळले होते आणि त्यांच्या शोधासाठी तो चालला होता. नोबिले वाचले, आमुंडसेन परतले नाहीत. जवळच १८३० च्या दशकातील जकातीच्या जुन्या लाकडी वखारीत ध्रुवसंग्रहालय आहे. आमुंडसेन यांच्या अखेरच्या उड्डाणाला पन्नास वर्षे झाली त्या वर्षी, १९७८ मध्ये ते उघडले. आत शिकाऱ्यांच्या झोपड्या, होड्या आणि मोहिमांचे साहित्य आहे. आत ऊब आहे, हेही वयस्कर प्रवाशाच्या दृष्टीने कमी महत्त्वाचे नाही.

आमच्या गोव्याच्या सहप्रवाशांना येथे एक आपुलकीचा धागा सापडला. नॉर्वेची ध्रुवसंशोधन संस्था ट्रॉम्सोत आहे. आणखी उत्तरेला, स्वालबार बेटांवरील न्यू-ओलेसुंद येथे २००८ पासून भारताचे 'हिमाद्री' हे संशोधन केंद्र आहे, आणि त्याचा कारभार वास्कोतील राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्राकडे आहे. उष्ण समुद्रकिनाऱ्यावरची माणसे ध्रुवावरच्या बर्फाची नोंद ठेवतात, हे ऐकून गाइड बाईंनाही गंमत वाटली.

तेथून मुख्य रस्त्याने आम्ही १८६१ साली बांधलेल्या मोठ्या चर्चपाशी आलो. नॉर्वेतील हे एकमेव लाकडी कॅथेड्रल. रंगीत लाकडी घरांच्या रांगा, त्यांच्या छपरांवर साचलेला बर्फ, आणि पायाखाली बारीक खडी पसरलेला पदपथ. याच पदपथावर आईने एक दृश्य पाहिले आणि ती उभीच राहिली.

समोरून ऐंशीच्या घरातल्या एक आजी येत होत्या. त्यांच्यापुढे एक खुर्ची होती. खुर्चीच्या खाली दोन लांब पोलादी पट्ट्या होत्या. खुर्चीत भाजीची पिशवी होती. आजी मागच्या दांड्याला धरून एक पाय पट्टीवर ठेवत आणि दुसऱ्या पायाने जमीन मागे लोटत. खुर्ची सुळकन पुढे जाई. याला तेथे 'स्पार्क' म्हणतात. नॉर्वेतील वयस्कर माणसे बर्फात बाजारहाट करायला ती वापरतात. दमले की त्याच खुर्चीत बसतात. आजींनी आम्हांला पाहून मान डोलावली आणि त्या वळणावरून दिसेनाशा झाल्या. त्यांच्या मागून येणाऱ्या विशीतल्या मुलीच्या जोड्यांनाही आमच्यासारखेच खिळे होते.

"इथे सगळेच काहीतरी धरून चालतात," आई म्हणाली.

मी काही बोलले नाही. दुपारी दुकानात गेल्यावर तिनेच काठ्यांची चौकशी केली. तिने घेतलेल्या काठीच्या टोकाचा खिळा कळ दाबली की वर दुमडतो, म्हणजे तीच काठी फरशीवरही चालते.

पूल ओलांडल्यावर

बेटावरून मुख्य भूमीवर नेणारा पूल १९६० साली बांधला गेला. तो एक किलोमीटरहून थोडा लांब आहे. तो ओलांडताच समोर आर्क्टिक कॅथेड्रल दिसते. वास्तुशिल्पी यान इंगे होविग यांनी रचलेले हे चर्च १९६५ साली पूर्ण झाले. त्रिकोणी पांढरी पाखे एकामागे एक उभी आहेत. कुणाला ती बर्फाच्या कड्यासारखी वाटतात, कुणाला मासे वाळवायच्या मांडवासारखी. आत पूर्वेच्या भिंतीवर व्हिक्टर स्पारे यांचे १९७२ सालचे भव्य रंगीत काचचित्र आहे. बाहेर अंधार असताना आतील दिव्यांनी सारी वास्तू कंदिलासारखी उजळते.

तेथेच आमचे सोलापूरचे सर पडले. सह्याद्रीतले गड पालथे घातलेल्या माणसाला खिळे कशाला, म्हणून त्यांनी पट्टे खिशातच ठेवले होते. बसच्या शेवटच्या पायरीवरून उतरताना पहिलेच पाऊल निसटले आणि ते कुशीवर आदळले. आम्ही तिघे-चौघे धावलो आणि त्यांच्या काखेत हात घालून त्यांना उठवू लागलो. गाइड बाईंनी जोराने आम्हांला थांबवले.

त्यानंतर त्यांनी जे केले ते प्रत्येक घरातील प्रत्येकाला ठाऊक असायला हवे. त्यांनी आधी स्वतःचा कोट सरांच्या अंगावर टाकला. डोके आपटले का, मान दुखते का, हे विचारले. पायांची बोटे हलवायला सांगितली, मग गुडघा. कंबरेत किंवा मांडीत तीव्र कळ नाही, एक पाय दुसऱ्यापेक्षा आखूड वा बाहेर वळलेला दिसत नाही, याची खात्री केली. मग सरांना कुशीवर वळायला, हातांवर आणि गुडघ्यांवर यायला सांगितले. बसमधून एक स्टूल आणून पुढे ठेवले. सरांनी त्यावर हात टेकले, एक पाय उभा केला आणि ते स्वतःच्या बळावर उठले. ओढून उठवल्यास मोडलेले हाड सरकू शकते, आणि उठवणाऱ्याची पाठ जाते ती निराळी. तीव्र वेदना असती तर त्यांना हलवले नसते; उबदार पांघरून ११३ या क्रमांकावर रुग्णवाहिका बोलावली असती. सर रक्त पातळ करणारी गोळी घेतात का, हेही त्यांनी विचारले. अशी गोळी घेणाऱ्याचे डोके आपटले असेल, तर काहीही दुखत नसले तरी डॉक्टरांकडे जावेच लागते.

सरांना मुका मार लागला होता, एवढेच. बसमध्ये बसून त्यांनी निमूटपणे पट्टे चढवले. चर्चच्या दाराकडे जाताना आईने आपली काठी उजव्या हातात घेतली आणि डावा हात पुढे केला. "धरा सर," ती म्हणाली. "इथे कुणी हसत नाही." वर्षभर लोकांच्या आधाराला नकार देणाऱ्या आईला दुसऱ्याला आधार देताना मी प्रथमच पाहत होते.

दुपारी रोपवेने आम्ही ४२१ मीटर उंचीवरील स्टुरस्टायनेन या सज्जावर गेलो. रायगडाचा रोपवे तुम्ही पाहिला असेल, तर या चार मिनिटांच्या प्रवासाची भीती वाटणार नाही. याच डोंगरावर नेपाळहून आलेल्या शेर्पांनी बाराशे दगडी पायऱ्यांची वाट बांधली आहे. हिवाळ्यात ती आपल्यासाठी नव्हे. वरून बेट, पूल आणि दिव्यांचे शहर एका दृष्टिक्षेपात येते. मात्र वर वारा असतो, आणि थंड वाऱ्यात शरीरात काय घडते हे समजून घ्या. त्वचेखालील रक्तवाहिन्या आकुंचन पावतात, रक्तदाब वाढतो, हृदयावरील भार वाढतो. वयानुसार थंडी जाणवण्याची आणि हुडहुडी भरण्याची क्षमता मंदावते. म्हणून 'मला थंडी वाजत नाही' या आजीच्या शब्दांवर विसंबू नका, तिचे हात आणि ओठ पाहा. बोलणे अडखळले, चाल मंदावली, उगीच चिडचिड सुरू झाली, तर ताबडतोब आत न्या. आम्ही दहा मिनिटे बाहेर, वीस मिनिटे आत, असा क्रम ठेवला होता.

वर पाहण्याची रात्र

उत्तरप्रकाशाची हमी कुणी देत नाही, आणि देणाऱ्यावर विश्वास ठेवू नये. सूर्याकडून येणारे विद्युतभारित कण पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राने ध्रुवांकडे वळवले जातात आणि वातावरणाच्या वरच्या थरांवर आदळतात. सुमारे शंभर किलोमीटर आणि त्याहून वर असलेल्या ऑक्सिजनमुळे हिरवा रंग दिसतो. हे घडण्याच्या पट्ट्यातच ट्रॉम्सो असले तरी आकाश निरभ्र असावे लागते. पहिल्या रात्री बस तीन तास फिरली आणि ढगांशिवाय काही दिसले नाही. त्या रात्रीचे सोने झाले ते सामी लोकांच्या तंबूत. रेनडिअर पाळणारी ही या प्रदेशातील मूळ जमात. शेकोटीभोवती बसवून त्यांनी आम्हांला रेनडिअरच्या मांसाचा रस्सा वाढला. शाकाहारी मंडळींची सोय आधी कळवल्यामुळे झाली. आधी कळवणे विसरू नका.

दुसऱ्या रात्री शहरापासून तासाभराच्या अंतरावर, एका गोठलेल्या मैदानाशेजारी बस थांबली. साडेदहा वाजले होते. गाइड बाईंनी बसमधील दिवे घालवले आणि पंधरा-वीस मिनिटे मोबाइल पाहू नका, असे बजावले. अंधाराला डोळे सरावायला तेवढा वेळ लागतोच, आणि वय वाढते तसा तो वाढतो. ज्यांना मोतीबिंदू आहे त्यांना फिकट प्रकाश राखाडी धुरासारखा दिसण्याची शक्यता असते, हे त्यांनी आधीच सांगून ठेवले, म्हणजे छायाचित्रातील गडद हिरवा रंग न दिसल्यास कुणी हिरमुसू नये.

आम्ही खाली उतरलो. पायांत खिळे, आईच्या हातात काठी, आणि तिचा दंड माझ्या हातात घट्ट धरलेला. मी तिच्या पावलांवर बॅटरीचा झोत टाकत होते. "हळू. इथे खड्डा. आता डावीकडे." मैदानात वीस-पंचवीस पावले गेलो आणि आसपास एकदम कुजबुज उठली. मी तरीही खालीच पाहत होते.

"हात सोड," आई म्हणाली.

"पडशील आई."

"नाही पडत. काठी आहे. अगं, मला वर बघायचंय. तू मला सारखी खाली बघायला लावतेस."

मी हात सोडला. बॅटरी विझवली. एक पाऊल मागे सरून, पण हाताच्या अंतरावर, उभी राहिले. डोंगराच्या कडेपासून डोक्यावरपर्यंत एक फिकट हिरवा पडदा हलत होता. मध्येच घडी पडावी तसा तो दुमडे, पुन्हा उलगडे, आणि खालची किनार क्षणभर जांभळट होई. आई दोन्ही हात काठीच्या मुठीवर ठेवून, मान मागे टाकून उभी होती. दहा मिनिटांत तिने माझ्याकडे एकदाही पाहिले नाही.

सांभाळणाऱ्या माणसांना त्या रात्रीतील एक गोष्ट सांगावीशी वाटते. आपला आधार कधी कधी आधार नसतो. तो आपल्या भीतीचा हात असतो. तो दंड घट्ट धरतो, आणि धरलेल्या माणसाला स्वतःचे पाऊल स्वतः ओळखू देत नाही. योग्य जोडे, योग्य काठी, शिकवलेली चाल आणि हाताच्या अंतरावर उभे असलेले माणूस, एवढे असले तर पुष्कळदा दंड सोडता येतो.

निघण्यापूर्वी

असा प्रवास सर्वांसाठी नाही, हेही स्पष्ट सांगितले पाहिजे. अलीकडेच हृदयविकाराचा झटका येऊन गेला असेल, रक्तदाब आटोक्यात नसेल, दम्याचा किंवा फुप्फुसांचा त्रास थंडीत बळावत असेल, तर डॉक्टरांनी 'नाही' म्हटल्यावर ते नाहीच समजावे. आम्ही निघण्यापूर्वी दोन महिने आईने फिजिओथेरपिस्टकडे तोल सावरण्याचे व्यायाम केले. तेवढ्यानेही फरक पडतो.

औषधे सामानाच्या बॅगेत देऊ नका. जवळच्या पिशवीत ठेवा, सोबत औषधांच्या मूळ रासायनिक नावांसह डॉक्टरांची चिठ्ठी ठेवा. गोळ्यांच्या वेळा साडेचार तासांनी कशा बदलायच्या, हे आधी विचारून लिहून घ्या. इन्सुलिन गोठले की निकामी होते, नंतर वितळले तरीही. म्हणून ते कोटाच्या आतील खिशात बाळगावे. रक्तशर्करा मोजणारे यंत्र आणि मोबाइल यांच्या बॅटऱ्या थंडीत लवकर उतरतात. त्यांनाही आतच ठेवा. शेंगेन व्हिसासाठी किमान तीस हजार युरोंचा वैद्यकीय विमा लागतो, पण जुन्या आजारांचा खर्च त्यात मिळतो की नाही, हे बारीक अक्षरांतून वाचून घ्या.

कपड्यांचे तीन थर हवेत : अंगालगत लोकरीचा पातळ, मधे उबदार, वर वारा-पाणी अडवणारा. अंगालगत सुती कपडा नको, तो घाम धरून ठेवतो. कानटोपी, मफलर, हातमोजे आणि ओठांना व्हॅसलीन ठेवा. थंडीत लघवीला वारंवार जावे लागते, म्हणून वयस्कर माणसे पाणी पिणे टाळतात. ते करू नका. त्याऐवजी स्वच्छतागृहासाठी बस कुठे कुठे थांबेल, हे सकाळीच विचारून घ्या. हाडे ठिसूळ असतील, तर कुत्र्यांची गाडी आणि स्नोमोबाइल यांचे धक्के टाळा. आणि थोडे ऊन हवे असेल तर फेब्रुवारीच्या मध्यास जा. तोवर दिवस सात तासांच्या वर गेलेला असतो.

आम्ही सूर्यदिनाच्या तीन दिवस आधी निघालो. विमानतळावर गाइड बाईंनी आईला म्हटले, "आणखी तीन दिवस थांबा ना, सूर्य येतोय." आई हसून म्हणाली, "आमच्याकडे तो रोजच असतो. मीच त्याला भेटत नव्हते."

२१ जानेवारीला घरी सकाळी मला दाराची कडी वाजल्याचा आवाज आला. आई काठीचा खिळा वर दुमडून बागेत निघाली होती. मी सोबत निघाले, तर तिने "चल" म्हटले आणि हात पुढे न करता दोन पावले पुढे चालू लागली.